एकाच उन्हात दोन वस्त्या : शिकागो शहर समजून घेताना

१९९५ च्या जुलै महिन्यात शिकागो असं तापलं की आठवड्याभरात सातशेहून जास्त माणसं दगावली. १३ जुलैला पारा ४१ अंशांवर गेला होता. नागपूर-चंद्रपूरच्या वाचकाला ४१ अंश म्हणजे मे महिन्यातला साधा दिवस वाटेल. पण तिथे हवा इतकी दमट होती की अंगाला पन्नाशीच्या वरचा ताप जाणवत होता. रात्रीसुद्धा गारवा उतरत नव्हता, आणि कडाक्याच्या थंडीसाठी बांधलेली विटांची घरं भट्टीसारखी तापून राहिली होती. शवागारात जागा पुरेना, तेव्हा बाहेरच्या आवारात शीतगृहाचे ट्रक आणून उभे करावे लागले.

पुढे एरिक क्लिनेनबर्ग या समाजशास्त्रज्ञाने कोण कुठे गेलं याचा माग काढला. त्यात दोन वस्त्या त्याच्या नजरेत भरल्या. एक नॉर्थ लॉनडेल आणि दुसरी साउथ लॉनडेल, जिला सगळे लिटल व्हिलेज म्हणतात. दोन्ही एकमेकींना खेटून आहेत. ऊन तेच, हवा तीच. गरीब वृद्धांचं आणि एकट्या राहणाऱ्या वृद्धांचं प्रमाणही जवळपास सारखंच. तरी नॉर्थ लॉनडेलमध्ये त्या उन्हाने १९ जण गेले आणि लिटल व्हिलेजमध्ये ३. लोकसंख्येच्या मानाने पाहिलं तर हा फरक दहापटीचा होतो.

माझ्या मते हा एक आकडा समजला की शिकागो समजलं. पण तो समजायला जवळपास दोनशे वर्षं मागे जावं लागतं, कारण हे शहर आणि त्यातल्या वस्त्या आपोआप वाढलेल्या नाहीत. कोणीतरी रेषा आखल्या. कधी पाण्यासाठी, कधी आगीच्या भीतीने, कधी पैशासाठी, आणि कधी शेजारी कोण नको हे ठरवण्यासाठी.

चिखलातलं शहर

मिशिगन सरोवराच्या काठावर, जिथे एक संथ छोटी नदी सरोवराला मिळत होती, तिथे ओलसर जमिनीत रानकांद्यासारखी एक वनस्पती भरपूर उगवत असे. तिच्या मूळ रहिवाशांच्या भाषेतल्या नावावरून ‘शिकागो’ हा शब्द आला. जागा दलदलीची होती, पण तिच्यात एक मोठी खुबी होती. नदीपासून पश्चिमेला थोड्याच अंतरावर जमिनीला अगदी हलका उंचवटा आहे. त्याच्या पूर्वेचं पाणी सरोवरांतून अटलांटिक महासागराकडे जातं, पश्चिमेचं मिसिसिपी नदीतून मेक्सिकोच्या आखाताकडे. म्हणजे थोडं अंतर होडी खांद्यावर वाहून नेली की माणूस अर्ध्या खंडाच्या एका जलमार्गातून दुसऱ्यात पोचत असे. इथल्या मूळ जमातींना ही वाट पिढ्यान्‌पिढ्या माहीत होती. १६७३ मध्ये त्यांनी ती फ्रेंच प्रवाशांना दाखवली.

इथे कायमचं घर करणारा पहिला बाहेरचा माणूस झाँ बाप्तिस्त प्वाँ द्यू साब्ल हा कृष्णवर्णीय व्यापारी होता. १७८० च्या दशकात तो नदीच्या मुखाशी राहिला. त्याची बायको किटिहावा इथल्या पोटावाटोमी या मूळ जमातीची होती. पुढे ज्या शहराने कृष्णवर्णीयांना कुठे राहायचं आणि कुठे नाही हे इतक्या कडकपणे ठरवलं, त्या शहराचा संस्थापक म्हणून आज याच माणसाचं नाव घेतलं जातं.

१८३३ च्या तहाने पोटावाटोमींची उरलीसुरली जमीन घेण्यात आली आणि त्यांना मिसिसिपीच्या पलीकडे हाकलण्यात आलं. चार वर्षांनी, १८३७ मध्ये, शिकागोला शहराचा दर्जा मिळाला तेव्हा वस्ती होती जेमतेम चार हजार. १८४८ या एकाच वर्षात तीन गोष्टी घडल्या. तो उंचवटा कापून जाणारा कालवा सुरू झाला, पहिली रेल्वे धावली आणि धान्याचा बाजार म्हणजे बोर्ड ऑफ ट्रेड उभा राहिला. तिथून लोकसंख्या उड्या मारत गेली. १८७० मध्ये सुमारे तीन लाख, आणि १८९० मध्ये अकरा लाख. त्याच्या साठ वर्षं आधी तिथे शंभर घरंसुद्धा नव्हती.

पण शहर बसलं होतं चिखलावर. सरोवराच्या पातळीपेक्षा जमीन फारशी उंच नव्हती, त्यामुळे सांडपाण्याला उतारच मिळत नसे. १८५४ च्या पटकीत शहरातली हजारावर माणसं मेली. गटारं घालायची तर जमिनीखाली घालणार कशी? एलिस चेसब्रो या अभियंत्याने सांगितलं की गटारं रस्त्यावरच बांधा, वर भराव टाका आणि नवा रस्ता त्या उंचीवर करा. मग जुन्या इमारतींचं काय? त्याही उचला.

आणि त्या खरोखर उचलल्या. १८६० मध्ये लेक स्ट्रीटवरची विटांची दुकानांची एक अख्खी रांग उचलली. पायाखाली सुमारे सहा हजार स्क्रू-जॅक बसवले होते आणि ते फिरवायला सहाशे माणसं होती. आपल्याकडे ट्रकचं चाक बदलताना जो हाताने फिरवायचा जॅक लावतात, त्याचाच हा थोरला भाऊ. एकेकाच्या वाट्याला दहा जॅक. इशारा झाला की प्रत्येकाने आपल्या दहाही जॅकना थोडा थोडा पीळ द्यायचा आणि पुढच्या इशाऱ्याची वाट बघायची. एकाने घाई केली तर भिंतीला तडा. अशी ती रांग काही दिवसांत सुमारे दीड मीटर वर गेली. वर दुकानं चालू होती आणि गिऱ्हाइकं ये-जा करत होती. जॉर्ज पुलमन हा पुढे रेल्वेचे डबे बांधून गाजलेला उद्योजक याच इमारती उचलण्याच्या धंद्यात वर आला.

गटारं झाली, पण त्यांचं पाणी नदीत आणि नदीचं पाणी सरोवरात जात होतं. पिण्याचं पाणीही त्याच सरोवराचं. त्यावरचा उपाय ऐकताना आजही छाती दडपते. त्यांनी नदीच उलटी वाहवली. ४५ किलोमीटरचा खोल कालवा खणून २ जानेवारी १९०० रोजी नदीचा प्रवाह सरोवराकडून मिसिसिपीकडे वळवला. खाली मिसुरी राज्यातल्या सेंट लुईसची माणसं हे पाणी पिणार होती, म्हणून ते राज्य कोर्टात जाण्याच्या तयारीत होतं. मनाई हुकूम यायच्या आत बांध फोडायचा, म्हणून तो गाजावाजा न करता फोडला. शिकागोतला विषमज्वर कमी झाला. शहराची घाण मात्र दुसऱ्याच्या दारी गेली. आपली अडचण सोडवायची आणि तिचा भार कोणाच्या तरी अंगणात उतरवायचा, ही खोड या शहराच्या इतिहासात पुन्हा पुन्हा दिसते.

आग, कत्तलखाने आणि पत्ते

८ ऑक्टोबर १८७१ च्या रात्री डी कोव्हन रस्त्यावरच्या ओलिअरी कुटुंबाच्या गोठ्यापाशी आग लागली. दोन दिवसांत सतरा हजारांवर इमारती जळाल्या, सुमारे तीनशे माणसं गेली, एक लाख बेघर झाली. ओलिअरी बाईच्या गाईने कंदिलाला लाथ मारली आणि आग लागली ही गोष्ट एका बातमीदाराने रचली होती, हे त्याने स्वतःच नंतर कबूल केलं. तरी ती गरीब आयरिश बाई जन्मभर तो कलंक घेऊन जगली. नगर परिषदेने तिला दोषमुक्त ठरवलं ते थेट १९९७ मध्ये.

आगीनंतर काय झालं हे वस्त्यांच्या दृष्टीने जास्त महत्त्वाचं आहे. शहराने ठरवलं की एका ठरावीक हद्दीच्या आत लाकडी घर बांधायचं नाही, वीट किंवा दगडच हवा. नियम चांगलाच होता. पण वीट महाग होती. मजुराला परवडणारं घर लाकडाचंच. म्हणून मजूर हद्दीबाहेर सरकले आणि तिथे लाकडी घरांच्या दाट वस्त्या उभ्या राहिल्या. मधोमध मात्र विमा कंपन्यांच्या आणि बँकांच्या दगडी इमारती आल्या. त्यातच १८८५ मध्ये लोखंडी सांगाड्यावर उभी केलेली होम इन्शुरन्सची दहा मजली इमारत, जिला पुष्कळ जण जगातली पहिली गगनचुंबी इमारत मानतात.

दक्षिणेकडे युनियन स्टॉक यार्ड्स हा गुराढोरांचा अफाट बाजार होता. १८६५ च्या नाताळात सुरू झालेला हा बाजार १९७१ पर्यंत चालला. त्याच्या पाठीमागच्या वस्तीचं नावच ‘बॅक ऑफ द यार्ड्स’. आधी आयरिश आणि जर्मन, मग पोलिश, लिथुएनियन, स्लोव्हाक माणसं आली. प्रत्येकाचं चर्च वेगळं, शाळा वेगळी, दारूचा गुत्ता वेगळा. कत्तलखान्यांचं रक्त आणि टाकाऊ मांस नदीच्या एका फाट्यात सोडत. ते कुजून तळातून बुडबुडे वर येत, म्हणून त्या पाण्याला ‘बबली क्रीक’ असं नाव पडलं. ते नाव अजून आहे, आणि उन्हाळ्यात बुडबुडे अजूनही येतात.

१८८९ मध्ये शहराने आजूबाजूची गावं आपल्यात ओढली. क्षेत्रफळ जवळपास चौपट झालं. आता एकाच नावाचे रस्ते चार-चार ठिकाणी. टपालवाल्यांची दैना झाली. एडवर्ड ब्रेनन नावाचा एक सामान्य माणूस वर्षानुवर्षं पाठपुरावा करत राहिला, आणि १९०९ मध्ये त्याची पद्धत लागू झाली. स्टेट आणि मॅडिसन हे दोन रस्ते जिथे छेदतात तो शून्य. तिथून एक मैल गेलात की घरांचे नंबर साधारण ८०० ने वाढतात, अपवाद फक्त दक्षिणेच्या पहिल्या तीन मैलांचा. ‘२४०० वेस्ट’ म्हटलं की शिकागोकराला क्षणात कळतं, मध्यापासून पश्चिमेला तीन मैल. इतका सरळ हिशेब फार थोड्या शहरांच्या नशिबी असतो.

वस्ती आणि वॉर्ड यांत इथे गल्लत करू नये. वॉर्ड पन्नास आहेत, प्रत्येकाचा एक नगरसेवक, आणि त्यांच्या हद्दी राजकारणाप्रमाणे बदलतात. ‘कम्युनिटी एरिया’ मात्र ७७ आहेत आणि त्या जवळपास बदलत नाहीत. १९२० च्या दशकात शिकागो विद्यापीठातल्या समाजशास्त्रज्ञांनी आकडेवारी गोळा करायच्या सोयीसाठी त्या आखल्या. लोकांच्या तोंडी असलेली मोहल्ल्यांची नावं याहून कितीतरी जास्त आहेत आणि ती कुठे सुरू होतात, कुठे संपतात यावर माणसं तासभर वाद घालतात.

ब्रॉन्झव्हिल आणि न दिसणारी रेषा

१९१० मध्ये शिकागोत सुमारे ४४ हजार कृष्णवर्णीय होते. १९३० पर्यंत ते २ लाख ३४ हजार झाले आणि १९६० पर्यंत आठ लाखांवर गेले. पहिल्या महायुद्धात युरोपातून मजूर यायचे थांबले. कारखान्यांना हात हवे होते, आणि देशाच्या दक्षिणेतल्या कापसाच्या शेतांत कर्ज, मारहाण आणि झुंडबळी यांच्या छायेत जगणाऱ्या माणसांना वाट हवी होती. रॉबर्ट ॲबट यांचं ‘शिकागो डिफेंडर’ हे वृत्तपत्र ती वाट दाखवत होतं. दक्षिणेत ते उघड विकणं धोक्याचं होतं. पुलमनच्या शयनयान डब्यांत प्रवाशांच्या गाद्या घालणारे कृष्णवर्णीय पोर्टर त्याचे गठ्ठे गाडीतून नेत आणि वाटेतल्या गावांत पोचवत. एक अंक किती हातांतून जात असेल! ज्याला वाचता येई तो न्हाव्याच्या दुकानात किंवा चर्चबाहेर मोठ्याने वाचून दाखवी.

ही माणसं बाराव्या रस्त्यावरच्या स्टेशनात उतरत आणि तिथून शहराच्या दक्षिण भागातल्या एका चिंचोळ्या पट्ट्यात राहायला जात. त्याला आधी ‘ब्लॅक बेल्ट’ म्हणत, पुढे रहिवाशांनीच अभिमानाने ‘ब्रॉन्झव्हिल’ म्हणायला सुरुवात केली. तिथे स्वतःच्या बँका, विमा कंपन्या, दवाखाने, नाटकगृहं उभी राहिली. जॅझ आणि ब्लूज तिथे घुमले. लोकसंख्या दुप्पट-तिप्पट झाली, पण पट्टा मात्र त्या मानाने रुंदावला नाही.

तो का रुंदावला नाही? २७ जुलै १९१९ रोजी युजीन विल्यम्स हा १७ वर्षांचा मुलगा मित्रांबरोबर सरोवरात तराफ्यावर खेळत होता. २९व्या रस्त्याच्या समोर पाण्यात एक रेषा होती, कुठेही न काढलेली, पण सगळ्यांना ठाऊक असलेली. तराफा वाहत तिच्या ‘गोऱ्या’ बाजूला गेला. किनाऱ्यावरून एका माणसाने दगड भिरकावले आणि युजीन बुडाला. पोलिसाने दगड मारणाऱ्याला अटक करायला नकार दिला. त्यातून पेटलेल्या दंगलीत ३८ जण ठार झाले, त्यांत २३ कृष्णवर्णीय.

पाण्यातली ती रेषा मग कागदावर उतरली. घराच्या खरेदीखतातच अट घालू लागले की हे घर कृष्णवर्णीयाला विकता किंवा भाड्याने देता येणार नाही. एका गल्लीतल्या मालकांनी मिळून असा करार केला की तो कोर्टातही चाले. कार्ल हॅन्सबेरी यांनी १९३७ मध्ये अशा गल्लीत घर घेतलं तेव्हा त्यांना बाहेर काढायला खटला झाला. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि १९४० मध्ये ते जिंकले. पण निकाल तांत्रिक मुद्द्यावर होता. अशा अटी कोर्टाने अमलात आणू नयेत हे ठरायला १९४८ उजाडावं लागलं.

साठेखतावर अडकलेलं घर

आता नॉर्थ लॉनडेलकडे वळू. या भागात कर्ज म्हणजे काय ते आधी नीट समजून घ्यायला हवं.

१९३४ मध्ये अमेरिकन सरकारने फेडरल हाउसिंग ॲडमिनिस्ट्रेशन हे खातं काढलं. ते स्वतः कर्ज देत नसे, बँकेने दिलेल्या गृहकर्जाची हमी घेत असे. कर्जदार बुडाला तर सरकार भरून देणार. या हमीमुळे बँका थोडी रक्कम आधी घेऊन लांब मुदतीवर कर्ज द्यायला तयार झाल्या, आणि सामान्य गोऱ्या नोकरदाराला आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचं घर परवडू लागलं. पण हमी कुठल्या वस्तीत द्यायची, याचे नियम होते. कृष्णवर्णीय राहतात किंवा येण्याची शक्यता आहे, तिथे ‘धोका’ मानून हमी नाकारत. त्याच काळात सरकारच्याच दुसऱ्या एका संस्थेने शहरांचे नकाशे रंगवले होते. हिरवा म्हणजे उत्तम, लाल म्हणजे धोक्याचा. यावरूनच ‘रेडलायनिंग’ हा शब्द आला. पगार किती, नोकरी किती पक्की, हे बघण्याआधी माणसाचा रंग बघितला जाई.

नॉर्थ लॉनडेल तेव्हा ज्यू वस्ती होती. दगडी दर्शनी भिंतींची देखणी दुमजली घरं, मोठी सभागृहं, जवळच सीअर्स कंपनीचं मुख्यालय. १९५० च्या सुमारास दलाल दारोदार फिरू लागले. ‘कृष्णवर्णीय येताहेत, भाव पडतील, आत्ताच विका,’ असं सांगून ते गोऱ्या मालकाकडून घर स्वस्तात घ्यायचे. मग तेच घर दुप्पट किमतीला कृष्णवर्णीय कुटुंबाला. बँकेचं कर्ज त्या कुटुंबाला मिळणार नाही हे दलालाला पक्कं माहीत असे. म्हणून तो म्हणे, थोडी रक्कम आधी दे आणि बाकीचे हप्ते माझ्याकडेच भर.

यातला डाव आपल्याकडच्या माणसाला पटकन कळेल. घर घेताना आधी साठेखत होतं आणि पैसे पुरे झाले की खरेदीखत. त्या कुटुंबांना वर्षानुवर्षं साठेखतावरच ठेवलं जाई. शेवटचा हप्ता भरेपर्यंत घर विकणाऱ्याच्याच नावावर. कर आणि दुरुस्ती मात्र घेणाऱ्याच्या माथी. एक हप्ता चुकला की विकणारा त्यांना बाहेर काढू शकत असे, आणि तोवर भरलेला एकही डॉलर परत मिळत नसे. मग तेच घर पुढच्या कुटुंबाला. १९६१ मध्ये नॉर्थ लॉनडेलमध्ये एका कुटुंबाने २७,५०० डॉलरला असं घर घेतलं. विकणाऱ्याने ते सहाच महिने आधी १२,००० डॉलरला घेतलं होतं.

हप्ता चुकू नये म्हणून नवरा-बायको दोघंही दोन-दोन नोकऱ्या करत. वरचा मजला भाड्याने देत, खालच्या मजल्यावर दोन कुटुंबं राहत. दुरुस्तीला पैसा उरत नसे. शाळेत मुलं दाटीवाटीने बसत. आणि मग बाहेरची माणसं बोट दाखवून म्हणत, बघा, हे लोक आले की वस्ती कशी बिघडते. हे वाक्य मला सगळ्यात जास्त टोचतं. बिघडवणाऱ्याचं नाव करारावर होतं, पण ठपका राहणाऱ्यावर आला.

१९५० मध्ये नॉर्थ लॉनडेलमध्ये दहातले जवळपास नऊ रहिवासी गोरे होते. १९६० मध्ये दहातले नऊ कृष्णवर्णीय होते, आणि लोकसंख्या सव्वा लाख. १९६६ च्या जानेवारीत मार्टिन ल्यूथर किंग याच वस्तीत हॅम्लिन ॲव्हेन्यूवर भाड्याच्या घरात राहायला आले. त्या उन्हाळ्यात मार्क्वेट पार्क भागात मोर्चा नेताना जमावाने त्यांना दगड मारला. देशाच्या दक्षिणेतही इतका द्वेष पाहिला नव्हता, अशा अर्थाचं ते तेव्हा बोलले. एप्रिल १९६८ मध्ये त्यांची हत्या झाल्यावर वस्तीच्या आसपासचे बाजाररस्ते जळाले, आणि आठवड्याभरात घर विकता-भाड्याने देताना वंशभेद करायला मनाई करणारा कायदा झाला. त्याच वर्षी नॉर्थ लॉनडेलमधल्या रहिवाशांनी संघटना बांधली आणि हप्ते भरणं थांबवलं. कित्येकांचे करार बदलून मिळाले, पण कोर्टातले मोठे दावे ते हरले.

मग कारखाने गेले. सीअर्सही १९७० च्या दशकात नव्या मनोऱ्यात हलली. जळालेल्या दुकानांच्या जागा मोकळ्याच राहिल्या. सव्वा लाखाची वस्ती १९९० पर्यंत ४७ हजारांवर आली.

रेल्वेरुळांच्या पलीकडे

नॉर्थ आणि साउथ लॉनडेलच्या मधून जाणाऱ्या रुळांच्या दक्षिणेची बाजू चेक आणि पोलिश लोकांची होती. इथल्या पिल्सेन या शेजारच्या वस्तीचं नावही बोहेमियातल्या प्लझेन शहरावरून आलेलं. उत्तरेकडे काय झालं हे पाहून इथल्या व्यापाऱ्यांनी १९६० च्या दशकात ‘साउथ लॉनडेल’ हे नाव टाकून ‘लिटल व्हिलेज’ हे नाव पुढे आणलं. ‘लॉनडेल’ या शब्दाशीच नातं नको होतं. त्याच वेळी जवळच्या निअर वेस्ट साइडमध्ये विद्यापीठाचा नवा आवार बांधायला घरं पाडली जात होती, आणि तिथली मेक्सिकन कुटुंबं पिल्सेनमध्ये, मग लिटल व्हिलेजमध्ये येत होती. गोऱ्या मालकांनी कृष्णवर्णीयांना दार बंद ठेवलं, मेक्सिकनांना घर विकलं. हे प्रेमापोटी नव्हतं. पण त्याचा परिणाम असा झाला की दुकानं रिकामी पडली नाहीत. बोहेमियन बेकरीच्या जागी मेक्सिकन बेकरी आली, आणि २६व्या रस्त्याची वर्दळ एक दिवसही थांबली नाही.

शहराने गरिबांसाठी जी सरकारी घरं बांधली तीही याच रेषांच्या आत बांधली. गोऱ्या वॉर्डांतल्या नगरसेवकांनी आपल्याकडे जागा द्यायला नकार दिला. म्हणून स्टेट स्ट्रीटवर रॉबर्ट टेलर होम्सचे १६ मजली २८ मनोरे एका रांगेत उभे राहिले, आणि २००७ पर्यंत ते सगळे पाडून झाले.

डेव्हॉन ॲव्हेन्यू

मराठी माणसाच्या मनात शिकागो म्हटलं की आधी १८९३ ची सर्वधर्म परिषद येते. विवेकानंद तर सगळ्यांना माहीत आहेत, पण त्याच व्यासपीठावर मुंबईचे बी. बी. नगरकर ब्राह्मो समाजातर्फे बोलले होते, हे आपल्याकडेही फारसं कोणी सांगत नाही.

आपली माणसं तिथे राहायला गेली ती मात्र १९६५ च्या स्थलांतर कायद्यानंतर. १९६९ मध्ये तिथे महाराष्ट्र मंडळ उभं राहिलं, आणि उत्तर अमेरिकेतल्या मंडळांना एकत्र आणणारं बृहन्महाराष्ट्र मंडळही १९८१ मध्ये याच शहरात जन्माला आलं. शहराच्या उत्तर टोकाला डेव्हॉन ॲव्हेन्यू ही ज्यू दुकानदारांची पेठ होती. ते उपनगरांत सरकत होते आणि दुकानं रिकामी होत होती. १९७४ मध्ये पटेल ब्रदर्सचं पहिलं किराणा दुकान तिथे निघालं. मग साड्या, सोनं, मिठाई आणि व्हिडिओ कॅसेटची दुकानं आली. आज त्याच रस्त्याच्या वेगवेगळ्या तुकड्यांवर गांधी, गोल्डा मेयर आणि महंमद अली जिना यांच्या मानाच्या पाट्या आहेत.

इथे एक गोष्ट मनापासून सांगावीशी वाटते. १९७० च्या दशकात पुण्या-मुंबईहून गेलेला तरुण अभियंता उपनगरात घर बघायला गेला, तेव्हा त्याला ‘तुम्हाला विकत नाही’ असं म्हणणं बेकायदा झालं होतं. १९६८ चा तो कायदा त्याने मिळवलेला नव्हता. ज्यांनी मिळवला त्यांतले कित्येक जण तेव्हा अजून साठेखताचे हप्ते भरत होते. आपल्या मंडळांच्या स्मरणिकांमध्ये संघर्षाच्या कहाण्या असतात आणि त्या खऱ्याच असतात. त्यांत हेही एक पान असायला हवं.

पुन्हा १९९५

आता त्या जुलैकडे परत येऊ. २६व्या रस्त्यावरच्या म्हाताऱ्या बाईच्या घराबाहेर दोन पावलांवर दुकानं होती. फूटपाथवर माणसं होती, ओळखीचे चेहरे होते. तिथल्या वृद्धांत मागे राहून गेलेले गोरेही बरेच होते, पण त्यांनाही बाहेर पडायला भीती वाटत नव्हती. घरात जीव घाबरा झाला की त्या बायका उठून थंड दुकानात जाऊन बसत. चर्चची माणसं विचारपूस करायला येत.

रुळांच्या उत्तरेला दोन घरांमध्ये तीन-तीन मोकळे प्लॉट होते, गवत माजलेले. कोपऱ्यावरचं किराणा दुकान केव्हाच बंद झालेलं. मुलं दूर गेलेली, शेजारी गेलेले. मोकळ्या गल्ल्यांत अमली पदार्थांचा धंदा चालत होता, म्हणून वृद्ध माणसं दिवसासुद्धा दाराला कडी लावून आणि खिडक्या घट्ट मिटून बसत. पालिकेच्या माणसाने दार वाजवलं तरी उघडायची छाती होत नसे. पंखा गरम हवाच फिरवत राही. एकोणीस जण याच मिटलेल्या खिडक्यांच्या आत गेले.